पानाचा आकडा

त्या सोमवारी सकाळी पावणेदहाच्या सुमाराला मला डब्ल्यू साठ मिळाला आणि मला इतका आनंद झाला, की मौन नसतं तर मी शेजारच्या टेबलावरच्या खानविलकर सरांना हाक मारून दाखवलाच असता.

श्रावण होता. श्रावणी सोमवारी मी दुपारी बारापर्यंत बोलत नसे. हा नेम माहेरपासूनचा. बाकीचे रोजचे नेम होतेच, पण पहाटेचं स्नान, तुळस, अकरा माळा हे सगळं घरी उरकून मी कामावर यायची, त्यामुळे त्यांचा कुणाला पत्ता नसायचा. मौनाचा मात्र असायचा. खानविलकर सर म्हणत, शेट्येबाईंचं मौन आणि शेट्येबाईंचं बोलणं यातला फरक कळायला कान लावून बसावं लागतं. मी मुळातच हळू बोलते, त्याला काय करणार.

ही चौदा वर्षांपूर्वीची गोष्ट. घाटाखालच्या एका तालुक्याच्या गावी धर्मादाय रुग्णालय होतं, तिथल्या रेकॉर्ड रूममध्ये मी कोडिंगला होते. डॉक्टरांनी केसपेपरवर जे निदान लिहिलं असेल त्याला जाडजूड पुस्तकातून आकडा शोधून द्यायचा, एवढंच काम. हा आकडा जगभर एकच असतो. जखम असेल तर दोन आकडे द्यायचे. एक काय झालं त्याचा, दुसरा कशानं झालं त्याचा. माणूस झाडावरून पडला तर मोडलेल्या हाडाला एक आणि झाडाला एक. लोकांना हे काम रुक्ष वाटतं. मला ते पूजेसारखं वाटायचं. प्रत्येक दुखण्याला त्याची जागा आहे, आणि ती आपण शोधून द्यायची.

त्यात गमतीही पुष्कळ. मराठीत बोट हाताचंही असतं आणि पायाचंही. पुस्तकात मात्र हाताचं बोट एस एकसष्टमध्ये आणि पायाचं एस एक्क्याण्णवमध्ये. ‘बोटाला लागले’ एवढंच लिहून आलं की आम्ही अडलो. ‘काटा टोचला’ हे तर त्याहून कठीण, कारण आमच्या भागात काटा बाभळीचा असतो तसा शिंगाळ्याचाही असतो, आणि झाडाचा आकडा वेगळा, माशाचा वेगळा. अंदाज करायचा नाही, हा खानविलकर सरांचा दंडक. कोडरनं डॉक्टर व्हायचं नाही. लिहिलंय त्याला आकडा द्यायचा. शंका आली तर शंकापत्र भरून डॉक्टरांच्या कप्प्यात टाकायचं, तीन दिवसांत उत्तर येतं.

तर त्या सकाळी अपघात विभागातून पहाटपाळीचे कागद आले, त्यात एक होता सुभद्रा गुरव, वय बावन्न, राहणार पाटवाडी. सव्वासातला आली होती. डॉक्टरांनी इंग्रजीत लिहिलं होतं, उजव्या हाताच्या तर्जनीवर टोचल्याच्या दोन बारीक जखमा. सूज नाही. नखाला इजा नाही. आत काही अडकलेलं नाही. पानामुळे इजा. जखम धुतली, धनुर्वाताचं इंजेक्शन दिलं, गोळ्या दिल्या, घरी सोडलं.

पहिला आकडा तोंडपाठ होता, एस एकसष्ट पॉइंट शून्य. दुसऱ्यासाठी पुस्तक उघडलं आणि तिथे तो होता. डब्ल्यू साठ, झाडांचे काटे, कुसळं आणि धारदार पानं. सहा वर्षांत हा आकडा मला एकदाही देता आला नव्हता, कारण कुणी कधी इतकं स्पष्ट लिहितच नाही. आणि या डॉक्टरांनी चक्क ‘पान’ लिहिलं होतं.

तरी मी खात्री केली. केसपेपरच्या वरच्या बाजूला तक्रारीचा रकाना असतो, तो खिडकीवरचे घाग मराठीत भरतात. रोगी जे बोलेल ते, त्याच शब्दांत. तिथे त्यांच्या तिरक्या अक्षरात होतं, ‘पान लागले’. वर पान, खाली पान. जुळलं. दुसऱ्या दिवशी मंगळागौर होती. गुरवाच्या घरची बाई, पत्री गोळा करायला पहाटेच बाहेर पडली असणार. केवड्याच्या पानाला करवतीसारखे दात असतात, तोच तोडताना लागला असेल. ते केवड्याचं बेट, त्यात घातलेला तिचा हात, सगळं मला डोळ्यांपुढे दिसलं. मी शाईनं डब्ल्यू साठ लिहिला, कागद ट्रेमध्ये ठेवला आणि पुढच्या कागदांना लागले. चांगले अकरा कागद झाले माझे त्यानंतर.

सव्वादहाला घाग उरलेला गठ्ठा घेऊन आले. विश्राम घाग म्हणजे केसपेपरच्या खिडकीवरचा माणूस, पाटवाडीच्या पलीकडच्याच गावचा. मला बोलता येत नव्हतं, पण मिरवल्याशिवाय राहवतही नव्हतं. मी ट्रेमधून तो कागद काढला, डब्ल्यू साठवर बोट ठेवलं आणि त्यांच्यापुढे धरला. घागांना आकड्यांतलं काही कळत नसे. त्यांनी त्यांना वाचता येण्यासारखं होतं ते वाचलं, म्हणजे स्वतःचीच ओळ.

‘‘हां, ही गुरवीण,’’ ते म्हणाले. ‘‘सकाळी पान लागून आली होती. कुठल्या बेडवर ठेवलीय हिला?’’

डोळ्यांनी वाचलं तेव्हा ते झाडाचं पान होतं. घागांच्या तोंडून ऐकलं आणि मला माझ्या सासूबाई आठवल्या. मी नवी नवरी असताना त्या म्हणाल्या होत्या, कुसुम, खालच्या वाडीत एकाला पान लागलंय, गोठ्यात कंदिलाशिवाय जाऊ नको. आमच्याकडे त्याचं नाव घेत नाहीत. नाव घेतलं की ते येतं. आणि श्रावणात तर नाहीच नाही. कुणाला चावला तर म्हणायचं, पान लागलं. हे मला लहानपणापासून ठाऊक होतं. ठाऊक असून मी त्याला केवडा चिकटवला होता.

माझं बोट अजून आकड्यावरच होतं. ते मी खाली शेवटच्या ओळीवर नेलं.

‘‘बेडवर नाही,’’ मी म्हटलं. ‘‘घरी पाठवलीय तिला.’’

खानविलकर सरांनी आधी भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं, मग माझ्याकडे. बाई, बारा वाजले का, असं ते गमतीनं विचारायला लागले आणि माझा चेहरा बघून मध्येच थांबले. घाग म्हणत होते, मी लिहिलं होतं की, वरच लिहिलंय, अजून काय लिहायचं. मी सरांना दोन वाक्यांत सांगितलं. सवयीनं त्यांचा हात शंकापत्रांच्या पॅडवर गेला. तो तिथे क्षणभर राहिला, आणि मग त्यांनी पॅड बाजूला सारून फोन ओढला. पाटवाडीत फोन नव्हता, मोबाइलला रेंजही नव्हती. ते अपघात विभागाला श्वासाचं यंत्र तयार ठेवायला सांगत होते तोवर मी जिन्यावर होते.

तो कागद लिहिणारे डॉक्टर निमिष कापडिया कँटीनमध्ये पोहे खात होते. सव्वीस वर्षांचा मुलगा, सुरतेचा, मुंबईला शिकलेला, आमच्याकडे येऊन दोन महिने झालेले. मराठी चांगलं बोलायचा, पण ते शहरातलं. माझ्या मागोमाग घागही आले. मी कागद त्याच्या ताटलीशेजारी ठेवला आणि म्हटलं, डॉक्टर, ही बाई पानानं जखमी झालेली नाही.

‘‘ताई, ती स्वतः पान म्हणाली.’’ त्यानं कागदाकडे पाहिलंही नाही. ‘‘मी विचारलं, कुठलं पान? तर म्हणाली, बघितलं असतं तर हात घातला असता का. मला वाटलं, चेष्टा करतेय.’’

आयुष्यात श्रावणाच्या महिन्यात मी तो शब्द उच्चारला नव्हता.

‘‘साप,’’ मी म्हटलं. ‘‘साप चावलाय तिला.’’

त्याचा चमचा हातातच राहिला. ‘‘इथे सापाला पान म्हणतात?’’

‘‘सापाला नाही. त्यानं चावण्याला.’’

‘‘पण तिनं इंजेक्शन घेतलं, हात जोडले आणि गेली. घाबरलेलीसुद्धा नव्हती.’’

‘‘कशाला घाबरेल? तिनं पान सांगितलं, तुम्ही इंजेक्शन दिलंत. तिच्या दृष्टीनं ते पानाचंच.’’

तो उभा राहिला. मग स्वतःशीच बोलल्यासारखं म्हणाला, सूज नव्हती, दुखतही नव्हतं तिला. मागून घाग म्हणाले, मण्यारीचं दुखत नाही. माणूस झोपतो आणि उठत नाही.

त्यानंतरचा दीड तास मला आजही सलग आठवतो, एखाद्या धावत्या गाडीच्या खिडकीतून बघावा तसा. रुग्णवाहिका एका अडलेल्या बाईला घेऊन जिल्ह्याला गेली होती. जीप उभी होती, पण चालक रजेवर. घाग म्हणाले, मला येते चालवायला. येते म्हणजे भात गिरणीच्या जीपवर दोन वर्षं काढलीत. डॉक्टरांनी औषधांच्या फ्रिजमधून प्रतिविषाच्या दहा कुप्या, सलाइन, श्वास देण्याचा रबरी फुगा आणि मास्क गोळा केला. बाई सोबत हवी म्हणून मीही चढले. कुणी मला या म्हटलं नव्हतं, नको असंही म्हटलं नाही.

पाटवाडी नऊ किलोमीटरवर. रस्ता कसला, दगडगोट्यांची डबरीच ती. त्या धक्क्यांत डॉक्टरांनी प्रत्येक कुपीत पाणी सोडलं आणि कुप्या माझ्याकडे दिल्या. आत पावडर होती, ती विरघळवायची होती. तळहातांत धरून गोल फिरवायच्या, जोरात हलवायच्या नाहीत, फेस आला तर औषध वाया जाईल. मी दोन-दोन कुप्या दोन्ही तळहातांत धरून, जीप खड्ड्यात गेली की हात अधांतरी उचलून, त्या फिरवत राहिले. घाग पुढून विचारत होते, फार आपटतंय का. डॉक्टर म्हणत होते, आपटू दे. तेवढ्यात डॉक्टरांनी मला तीनदा विचारलं, बाई किती वाजता घरी पोचली असेल, चालत गेली असेल का. चालत गेली असेल तर विष लवकर भिनतं, हे मला नंतर कळलं. तेव्हा मी खरं ते सांगितलं, की पाटवाडीची एसटी साडेनऊशिवाय नाही, म्हणजे ती चालतच गेली असणार.

जीपची वाट पाखाडीपाशी संपली. जांभ्या दगडाच्या साठ-सत्तर पायऱ्या, शेवाळलेल्या. गुरवाचं घर वर, देवळाच्या मागे. ओटीवर कुड्याच्या पानांचा ढीग होता, पत्रावळी लावायला आणलेला, आणि त्यातच पहाटे हात गेला होता. सुभद्राची सून रंजना सूप घेऊन तांदूळ पाखडत बसली होती. आम्हाला बघून ती गडबडली. एवढ्या लांबून डॉक्टर स्वतः आले याचंच तिला अप्रूप वाटलं. ती म्हणाली, सासूबाई झोपल्यात. इंजेक्शनाची गुंगी आहे. पोटात दुखतंय म्हणाल्या, मग पडल्या. आराम सांगितलाय ना तुम्हीच, म्हणून मी उठवलं नाही.

डॉक्टर चपला न काढता आत गेले.

सुभद्राबाई भिंतीकडे तोंड करून चटईवर पडल्या होत्या. डॉक्टरांनी हाक मारली तशी त्यांनी ओ दिली, पण आवाज नाकातून आल्यासारखा. डोळे उघडा म्हटलं तर कपाळाला आठ्या पडल्या, भुवया वर गेल्या, पापण्या मात्र हलल्या नाहीत. बोटांनी पापणी वर करून त्यांनी आमच्याकडे पाहिलं. स्वतःची पापणी स्वतःच्या बोटांनी उचलून धरलेली ती बाई मी कधी विसरणार नाही.

डॉक्टर मला म्हणाले, ताई, यांना मोजायला लावा. एका श्वासात जितके आकडे होतील तितके. दर थोड्या वेळानं. कमी व्हायला लागले की मला सांगा.

पहिल्या खेपेला अकरा झाले. बारा म्हणायला त्यांना पुन्हा श्वास घ्यावा लागला. घाग आणि डॉक्टरांनी त्यांना ओटीवरच्या लाकडी खुर्चीत बसवून खुर्ची उचलली. पाखाडी उतरताना रंजना मागून धरत होती, मी पुढे होते, आणि त्या शेवाळावर कुणाचाही पाय घसरला असता तर सगळेच खाली गेलो असतो. खाली जीपपाशी आल्यावर मी पुन्हा मोजायला सांगितलं. सात झाले.

‘‘मला काय आता शाळेत घालताय?’’ सुभद्राबाई नाकातूनच म्हणाल्या.

मला हसू फुटलं. कापडियांनाही. त्याच हसण्यात त्यांनी सुई लावली आणि कुप्यांतलं प्रतिविष घातलेलं सलाइन सुरू झालं. बाटली मी हात वर करून धरली.

खरी परीक्षा परतीच्या वाटेवर होती. जीपच्या धडधडाटात माझा आवाज माझ्याच कानांपर्यंत पोचत नव्हता. देवासमोर मी ओठांतल्या ओठांत बोलते. वर्गात बाईंनी उठवलं तर माझं उत्तर पहिल्या बाकावरच संपायचं. त्या दिवशी मी त्या बाईच्या कानाशी ओरडले. मोजा, काकी, एक. घागांनी दचकून मागे बघितलं. पाच झाले. ओढ्यावरच्या साकवापाशी तीन. डॉक्टर नाडी धरून बसले होते, त्यांचे ओठही माझ्याबरोबर हलत होते. चिरेखाणीच्या वळणावर मी एक म्हटलं आणि सुभद्राबाईंचे ओठ हलले, पण आकडा आला नाही.

‘‘थांबला,’’ मी म्हटलं. ‘‘डॉक्टर, श्वास थांबला.’’

डॉक्टरांनी त्यांची हनुवटी वर केली, तोंडावर मास्क दाबून धरला आणि मला फुगा दाबायला सांगितलं. मी बाटली रंजनाच्या हातात दिली आणि फुगा दाबला. छाती वर आली. सोडला, खाली गेली. असा फुगा दाबताना किती मोजायचं ते त्यांनी सांगितलं होतं, पण आकडे मला सुचेनात. नाम आलं. एक नाम दाबायला, दोन नामं सोडायला. रंजना बाटली धरून रडत होती. घाग हॉर्नवरून हात काढत नव्हते. एवढं असूनही मला आतून एक विलक्षण उत्साह वाटत होता, हे लिहायला संकोच होतो. माझ्या हातात एका माणसाचा श्वास होता, आणि माझे हात तो सोडत नव्हते.

रुग्णालयाच्या दारात खानविलकर सर स्वतः स्ट्रेचर धरून उभे होते.

सुभद्राबाई अडीच दिवस यंत्रावर होत्या. कापडिया घरी गेले नाहीत. बाहेरच्या बाकावर बसत, उठत, आत जाऊन पापण्या बघत. आपली चूक त्यांनी वरिष्ठांना त्याच दिवशी लिहून दिली होती. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मी प्रसादाचा शिरा नेऊन दिला तर म्हणाले, ताई, मी दोन भोकं बघितली. दोन भोकं बघूनही मी तिला विचारलं, कुठलं पान. बोलायला माझ्याकडे जे होतं ते सांगायचं धैर्य नव्हतं. सगळे मला म्हणत होते, शेट्येबाईंच्या नजरेनं वाचली बाई. मी मान खाली घालून ऐकून घेत होते. लोकांना तो विनय वाटला.

तिसऱ्या दिवशी पहाटे डावी पापणी हलली. दुपारपर्यंत उजवी. चौथ्या दिवशी नळी निघाली. पाचव्या दिवशी त्यांना साध्या वॉर्डात आणलं, तेव्हा मी कामातून वेळ काढून भेटायला गेले. कापडिया तिथेच होते, नाडी बघत होते. रंजना पेज भरवत होती.

सुभद्राबाईंचा आवाज नळीमुळे घोगरा झाला होता, पण बोलायची हौस तशीच. त्या शेजारच्या खाटेवरच्या बाईला सांगत होत्या, पान लागल्यावर माणूस तासाभरात जातो, पण या पोरानं सकाळी जे पहिलं इंजेक्शान दिलं ना, त्याचा गुण मोठा. त्यानंच मला धरून ठेवलं. नाहीतर ही मंडळी येईपर्यंत मी राहते होय. वाडीतल्या सगळ्यांना सांगणार आहे मी, पान लागलं तर याच्याकडेच जायचं.

रंजनानं मान डोलावली. कापडियांनी नाडी सोडली. गप्प राहिले असते तर चाललं असतं. त्यांच्या नावाचा बोलबाला पाच वाड्यांत झाला असता. मी त्यांच्याकडे बघत होते आणि मनात म्हणत होते, राहू दे, बाळा, कशाला.

‘‘मावशी,’’ ते म्हणाले, ‘‘ते इंजेक्शन पानाचं नव्हतं.’’

सुभद्राबाईंनी पेजेची वाटी दूर सारली. ‘‘मग कशाचं?’’

‘‘धनुर्वाताचं. तुम्ही पान म्हणालात, मला वाटलं झाडाचं पान टोचलं. मला कळलं नाही. मी तुम्हाला तसंच घरी पाठवलं.’’

शेजारच्या खाटेवरची बाई बसती झाली. सुभद्राबाई त्या मुलाकडे बराच वेळ बघत राहिल्या. पापण्या अजून पुऱ्या वर जात नव्हत्या, त्यामुळे ते बघणं फार कडक वाटत होतं.

‘‘झाडाचं पान लागलं म्हणून माणूस पहाटेचं इस्पितळात येतो होय रे?’’

रंजनाला हसू आवरेना. पदर तोंडाला लावून ती हसली, आणि हसता हसताच रडायला लागली. कापडिया तसेच उभे. मग मला गप्प बसवेना. मी म्हटलं, काकी, ते सुरतेचे आहेत, त्यांना कसं कळावं. मी तर इथलीच. मीही वाचलं, पान लागले, आणि मीही झाडाचंच पान समजले. त्याला आकडासुद्धा देऊन टाकला. कागद ट्रेमध्ये टाकून पुढचे अकरा कागद केले. घागांनी विचारलं नसतं, ही कुठल्या बेडवर आहे, तर मी जेवायला गेले असते.

हे मी कुणाला पहिल्यांदाच सांगत होते. आवाज नेहमीसारखाच बारीक निघाला, पण वॉर्डातल्या सगळ्यांना ऐकू गेला असावा.

‘‘आकडा कसला?’’ सुभद्राबाईंनी विचारलं. एवढ्यातलं त्यांना तेवढंच नवीन वाटलं.

मी समजावलं. माणसाला जे होतं त्या प्रत्येकाला एक आकडा असतो. साऱ्या जगात तोच. पान टोचल्याचा वेगळा, हा वेगळा.

‘‘मग आता माझ्या नावापुढे कुठला घातलास?’’

‘‘टी त्रेसष्ट.’’

‘‘त्यात त्याचं नाव येतं?’’

‘‘नाही. नुसता आकडा.’’

त्यांनी थोडा विचार केला. मग रंजनाकडे वाटी मागितली, एक घोट घेतला आणि कापडियांकडे बोट दाखवून मला म्हणाल्या, ‘‘हे बरं आहे गो. पान म्हणावं तर हा झाडाकडे बघतो. नाव घ्यावं तर ते ऐकतं. आकड्याचं कुणाला काय कळतंय.’’ आणि त्याला म्हणाल्या, ‘‘मीही कुठे नीट सांगितलं तुला. बस, उभा कशाला राहिलायस.’’

तो खाटेच्या कडेला बसला. त्यांनी त्याच्या हातावर तीच तर्जनी ठेवली, पट्टी बांधलेली.

पुढच्या वर्षी भातकापणीच्या दिवसांत एका दुपारी खिडकीवरून घागांचा फोन आला. आवाज चढलेला होता. पाटवाडीचा एक गडी आलाय, म्हणाले. पायाला फडकं बांधलंय, आणि काय झालं विचारलं तर म्हणतो, त्रेसष्ट लागलंय. मी विचारलं, डॉक्टरांना सांगितलंत का. घाग म्हणाले, सांगायचं काय, कापडिया बाजूलाच उभे होते, त्यांनी ऐकलं आणि त्याला उचलूनच आत नेलं.

तो गडी चौथ्या दिवशी चालत घरी गेला. त्याचा कागद माझ्याकडे आला तेव्हा मला पुस्तक उघडावं लागलं नाही. तक्रारीच्या रकान्यात, घागांच्या तिरक्या अक्षरात, आकडा आधीच लिहून आला होता.